तात्या विंचू, नारबा आणि आमच्या गावातली मिशी

फेरीबोट:

चवथ आटोपली, पाहुणे गेले, आणि एका रविवारी बाबांना घेऊन 'दशावतार' पाहायला गेले. बाबा आता पंच्याहत्तरीचे. तरुणपणी गावच्या जत्रेतल्या नाटकांत वीसेक वर्षं उभे राहिलेले, त्यामुळे सिनेमा म्हणजे त्यांच्या लेखी 'गाळलेली जागा भरायचा धंदा', खरं ते नाटक. मध्यंतरात चहा नको म्हणाले. सिनेमा सुटल्यावर फर्मागुडीचा चढ लागेपर्यंत गप्प. मग एकच वाक्य: "हो मनीस पन्नास वर्सां हेंच करत आयला."

(आमच्या घरात बोलणं कोंकणीत, वाचणं-लिहिणं मराठीत. यावर वाद घालायचा असेल तर त्याला वेगळा धागा आहे, इथे नको.)

हेंच म्हणजे काय, ते मला घरी पोचल्यावर कळलं. सिनेमात दिलीप प्रभावळकर बाबुली मेस्त्री नावाचा म्हातारा दशावतारी नट झालेत. मुलगा म्हणतो आता पुरे, आणि याचा जीव त्या पेटाऱ्यात. पुढची गोष्ट सांगत नाही, अजून पाहिला नसेल त्यांच्यासाठी. पण ४ ऑगस्ट १९४४ चा जन्म, म्हणजे ८१ वर्षांचा माणूस रंग चढवून एकामागून एक रूपं घेतो, आणि प्रत्येक रूपात त्याची मान वेगळी, पाठीचा बाक वेगळा, डोळे मिटायची रीतही वेगळी.

मग मी मागे जाऊ लागले. रत्नाकर मतकरींच्या 'अलबत्या गलबत्या'तली चेटकीण. दूरदर्शनवरचा चिमणराव, सत्तरीच्या दशकाच्या शेवटाला, बाळ कर्वे यांच्या गुंड्याभाऊसोबत. 'चौकट राजा'तला नंदू, १९९१. त्यानंतर दोनच वर्षांत 'झपाटलेला'तला तात्या विंचू. 'हसवाफसवी' तर त्यांनी स्वतःच लिहिलं, एका नाटकात सहा भूमिका. २००१ पासून 'टिपरे'मधले आबा. २००६ ला 'लगे रहो मुन्नाभाई'त गांधीजी, आणि त्या वर्षीचं सहाय्यक अभिनेत्याचं राष्ट्रीय पारितोषिक 'लगे रहो' आणि 'शेवरी' या दोन्हींसाठी मिळून. 'तात्या विंचू आणि गांधी एकच माणूस!' हे वाक्य आता इतकं घासून गुळगुळीत झालंय की पुन्हा लिहायलाही कंटाळा येतो. तरी खरं आहेच.

माझं म्हणणं एवढंच. आपण त्यांना 'विनोदी नट' या खणात टाकतो, तिथे ते मावत नाहीत. विनोदी नट विनोद करतो. हे विनोद करताना मला कधी दिसलेच नाहीत. ते माणूस करतात, आणि तो माणूस स्वतःला अगदी गंभीरपणे घेतो. चिमणरावाला आपण विनोदी आहोत हे ठाऊकच नाही. त्याला फक्त घरी वेळेवर पोचायचंय, बायकोचं बोलणं टाळायचंय, अब्रू राखायचीय. आपण हसतो ते त्याच्या धडपडीला.

तुम्हाला काय वाटतं? आणि कुणी 'हसवाफसवी' प्रत्यक्ष पाहिलं असेल तर सविस्तर लिहा. मी फक्त तुकडे पाहिलेत.

मडगावकर_अर्धवट:

पहिलाच प्रतिसाद विरोधी, रागावू नका.

प्रभावळकर मोठे नट, मान्य. पण हसवण्याचं विचाराल तर लक्ष्या, आपला लक्ष्मीकांत बेर्डे. संपला विषय. लक्ष्या पडद्यावर आला की तोंड उघडायच्या आधी लोक हसायचे. आमच्याकडे व्हिडिओ कॅसेट भाड्याने आणली की अख्खी वाडी खोलीत. 'धूमधडाका', 'अशी ही बनवाबनवी', 'थरथराट'. पोरं संवाद नटाच्या आधी म्हणायची. 'चौकट राजा' लावून कुणी वाडी गोळा केलेली मला आठवत नाही.

'माणूस करतात' वगैरे ठीक, पण कपाळाला घाम आणून, जीव तोडून, दिवसाला दोन शिफ्ट करून महाराष्ट्राला आणि गोव्यालाही जो हसवत राहिला, त्याच्या कामाला कमी लेखू नका. ५० व्या वर्षी गेला बिचारा, डिसेंबर २००४.

फेरीबोट:

@मडगावकर, कमी कुठे लेखलं? मी त्यांचं नावही घेतलं नव्हतं. :)

पण आता काढलंच आहेस, तर 'झपाटलेला'च घे. दोघे एकाच सिनेमात. लक्ष्या बोळके घाबरतो, किंचाळतो, पळतो, आणि आपण घाबरलोय हे प्रेक्षकाला डोळ्यांनी सांगतो. तात्या विंचूला प्रेक्षक आहे हेच माहीत नाही. त्याला फक्त परत माणूस व्हायचंय. प्रभावळकर स्वतः पडद्यावर थोडाच वेळ, पुढे रामदास पाध्यांचा बाहुला. तरी त्या थोड्या वेळात जो खुनशीपणा पेरलाय तो बाहुल्याला शेवटपर्यंत पुरतो. सुरुवातीचा माणूस पोकळ असता तर पुढचा बाहुला नुसता बाहुलाच राहिला असता. 'ओम फट् स्वाहा' म्हणत आमच्या शेजारचा मुलगा आजही कुत्र्याच्या मागे धावतो, तो २०१५ चा जन्म.

म्हापश्याची_मावशी:

चिमणरावाबद्दल एक भर. चिं. वि. जोशींचा चिमणराव पडद्यावर पहिल्यांदा आणला तो दामुअण्णा मालवणकरांनी, मास्टर विनायकांच्या 'लग्न पहावं करून'मध्ये, १९४० साली. गुंड्याभाऊ होते विष्णुपंत जोग. माझे वडील त्यांचेच भक्त. दूरदर्शनवर नवा चिमणराव येणार म्हटल्यावर 'आता कोण हा' म्हणून नाक मुरडून बसले होते. आमच्या घरी टीव्ही नव्हता, शेजारी जाऊन पाहायचं, वर नाक मुरडायचं! तिसऱ्या-चौथ्या भागानंतर शेजाऱ्यांकडे सगळ्यांत आधी जाऊन पुढची खुर्ची धरणारे तेच.

दुसरं म्हणजे बाईच्या भूमिका. यावर कुणी बोलत नाही म्हणून मी बोलते. आजकाल टीव्हीवर पुरुषाला साडी नेसवली की झाला विनोद. चालायचं कसं, तर कंबर मोडत. बोलायचं कसं, तर किरटं. त्यात हसायचं कशाला, तर बाई असण्यालाच! प्रभावळकरांनी 'वासूची सासू' केलं तेव्हा ती सासू होती, साडीतला बाप्या नव्हता. पदर सावरायची, उठताना गुडघ्यावर हात ठेवायची. आपल्या कुणाची तरी आजी वाटायची.

धयकालो:

मावशी, लाखात एक बोललात. पण ही गोष्ट आमच्या पेडण्याकडच्या माणसाला नवी नाही. दशावतारात स्त्रीपार्टी करणारा गडी दिवसा बागायतीत कुदळ मारतो, रात्री द्रौपदी होतो, आणि समोर बसलेल्या बायका पदर डोळ्याला लावतात. कुणी हसत नाही. म्हणतात ना, 'राती राजा, सकाळी कपाळावर बोजा'. पेटारा डोक्यावर घेऊन पुढच्या गावची जत्रा.

फेरीबोटीच्या बाबांनी जे म्हटलं त्यावर थोडं सविस्तर लिहितो, कारण सिनेमा पाहून आलेले बरेच लोक दशावतार म्हणजे फक्त रंग आणि मुकुट समजतात.

आमच्याकडे त्याला काला, धयकालो म्हणतात. नाटक रात्री उशिरा उभं राहतं. त्याआधी नट देवळाच्या कोपऱ्यात मांडी घालून हातात छोटा आरसा धरून बसतो. रंगभूषाकार नाही, ज्याचा चेहरा त्यानेच रंगवायचा. आधी आडदशावतार: गणपती, रिद्धी-सिद्धी, सरस्वती, ब्राह्मण, आणि मग संकासुर. पुढे आख्यान. हातात लिहिलेले संवाद नसतात. कथा ठरलेली, कोण कधी येणार ते ठरलेलं, बाकी बोलणं तिथल्या तिथे. साथीला पेटी, पखवाज, झांज. समोरचा गडी काय बोलेल ते ऐकून त्याला उत्तर द्यायचं. ऐकता आलं नाही तर नट उघडा पडतो.

आणि संकासुर! देव शुद्ध मराठीत बोलतात, हा काळ्या कपड्यातला मालवणीत. गावातल्या सरपंचापासून पंपाच्या बिलापर्यंत कशावरही टोमणा मारतो, पोरं हसून लोळतात. तुम्ही ज्याला स्किट म्हणता ते तो सगळं करतो, आणि तरी तो वेद चोरणारा राक्षस असतो, शेवटी विष्णूच्या हातून मरतो. राक्षस आहे याचा विसर पडला तर तो नुसता बडबड्या. जुने जाणते संकासुर हसवता हसवता एकदम असा हात उगारतात की पुढच्या रांगेतलं पोर आईच्या कुशीत शिरतं.

तात्या विंचू बघताना मला नेहमी हेच आठवायचं.

पोदेर:

+१ धयकालो. धागा वाचनखुणेत साठवला.

कुळागर:

सगळे तात्या विंचूवरच थांबलात. 'नारबाची वाडी' कुणी काढणार की नाही? २०१३ चा, आदित्य सरपोतदार दिग्दर्शक. मूळ बंगाली नाटक मनोज मित्रांचं, त्यावर तपन सिन्हांनी बंगालीत सिनेमाही केलेला.

म्हातारा नारबा, त्याची नारळाची वाडी, आणि त्या वाडीवर डोळा असलेला खोत. आमच्या घरी हा सिनेमा लागला की आजोबा पुटपुटायला लागतात. आम्ही मुंडकार, म्हणजे भाटकाराच्या (जमीनमालकाच्या) जागेत घर करून राहणारे. भाटकाराची पायरी कशी चढायची, चप्पल कुठे काढायची, बोलताना नजर कुठे ठेवायची हे त्यांच्या अंगात भिनलेलं. १९७५ ला मुंडकार कायदा आला तरी अंगातलं जायला वेळ लागतो. प्रभावळकर खोतासमोर ज्या तऱ्हेने उभे राहतात ना, खांदे किंचित आत, पण झाडाकडे पाहिलं की ताठ! ते बघून आजोबांनी विचारलं होतं, "हो आमच्या गांवचो काय रे?"

म्हापश्याची_मावशी:

@कुळागर, एक दुरुस्ती. नारबा मुंडकार नाही, वाडी त्याचीच आहे. त्यामुळेच तर खोताचा जळफळाट. शेवटी सौदा होतो तो असा की नारबा जिवंत आहे तोवर महिन्याला पैसे द्यायचे, मेला की वाडी खोताची. आणि म्हातारा मरायचं नावच घेत नाही, उलट टवटवीत होत जातो. आणि गंमत तिथेच आहे.

कुळागर:

बरोबर, मावशी. वाडी त्याचीच. आजोबांच्या डोक्यात मात्र तो मुंडकारच, त्यांना हे सांगायची माझी छाती नाही.

त्या सौद्यानंतरचं काम बघा पण. मरायला टेकलेला माणूस जरा जरा बरा होतोय, हे दर प्रसंगात वेगळं दाखवायचं. खोकला कमी होतो, मग काठी कमी टेकतो, मग भूक लागते. सिनेमा कधी सलग चित्रित होत नाही. आज शेवट, उद्या सुरुवात. म्हणजे म्हातारा आज किती टक्के बरा आहे याचा हिशोब डोक्यात ठेवूनच उभं राहावं लागत असणार.

मडगावकर_अर्धवट:

बरं बाबांनो, हरलो अर्धा. पण लक्ष्यालाही कुणी 'माणूस' करू दिलं का हे विचारा की. 'एक होता विदूषक' १९९२ चा. जब्बार पटेल दिग्दर्शक, पटकथा पुलंची, गाणी महानोरांची. तमाशातल्या सोंगाड्याचं काम लक्ष्याने काय केलंय! आणि लोकांनी पाठ फिरवली. आम्हीच फिरवली. मी स्वतः अर्ध्यातून कॅसेट काढून 'बनवाबनवी' लावली होती, वय वर्षं चौदा. आज लाज वाटते.

म्हणजे प्रभावळकरांना जे जमलं त्यात नशीबही धरा. ते नायक कधीच नव्हते, म्हणून त्यांच्यावर चेहरा टिकवायची सक्ती नव्हती. लक्ष्याचा चेहराच विकला जात होता. हिंदीत 'मैंने प्यार किया', 'हम आपके हैं कौन', दोन्हीकडे नोकरच.

फेरीबोट:

@मडगावकर, हे मात्र अगदी पटलं. माझ्या मूळ लेखात हे यायला हवं होतं. चेहरा ओळखीचा होणं हेच विनोदी नटाचं भांडवल आणि तोच त्याच्या पायातला खोडा. प्रभावळकर रस्त्यात दिसले तर बघणाऱ्याला आधी आबा आठवतील की गांधी की चेटकीण, सांगता येणार नाही. 'टिपरे' सुरू झालं तेव्हा ते ५७ चे होते आणि घरातले आजोबा झाले. म्हातारपणाचा सराव त्यांनी म्हातारं व्हायच्या कितीतरी आधीपासून केलाय.

रविवारी_रिकामा:

कुणी 'हास्यजत्रा'वाल्यांबद्दल बोलणार का? समीर चौघुले, नम्रता संभेराव, प्रसाद खांडेकर. ही मंडळी दर आठवड्याला नवं स्किट उभं करतात, नवं माणूस करतात. प्रभावळकरांनी सहा भूमिका केल्या, त्या वर्षानुवर्षं घोटल्या. इथे घोटायला दोन दिवस. तुलना करताना तेवढा तरी न्याय द्या.

फेरीबोट:

बरोबर आहे. पहिल्या मिनिटात ओळख पटवायची, आठव्या-दहाव्या मिनिटाला संपवायचं, त्यामुळे एखादी लकब किंवा ठरलेलं वाक्य हाताशी धरावंच लागतं. चौघुल्यांचं मला आवडतं ते हे की त्यांचा चेहरा वाक्याच्या आधी पडतो. पण दर आठवड्याला विहीर उपसायची तर पाणी गढूळ येणारच कधीतरी. यात त्यांचा दोष नाही, दर आठवड्याच्या मागणीचा आहे.

हौशी_प्रॉम्प्टर:

धागा आजच पाहिला. 'हसवाफसवी' प्रत्यक्ष पाहिलेला माणूस हवा होता ना, मी आहे. मुंबईला मामाकडे गेलो होतो तेव्हा, दादरला शिवाजी मंदिरात. नव्वदच्या दशकातली गोष्ट, मी विशीतला.

सहा भूमिकांतली माझ्या मनात राहिलेली एकच, कृष्णराव हेरंबकर. नव्वदी गाठलेले जुने गायकनट. आता आम्ही गोंयकार. दीनानाथ मंगेशीचे. आमच्याकडे प्रत्येक वाड्यावर एक तरी म्हातारा असा असतोच, ज्याने कुठल्यातरी कंपनीत पदं म्हटलेली असतात आणि जो अजून पडवीत बसून तान घ्यायला जातो, ती अर्ध्यात तुटते, आणि तो हाताने पुढची तान हवेत काढून दाखवतो. प्रभावळकरांनी हेच केलं. लोक हसत होते. मला हसता येईना, माझ्या आजोबांचा हात होता तो.

आणि भूमिका बदलायची घाई! एक पात्र आत गेलं की बाहेर दुसरी पात्रं रंगमंच सांभाळतात, तेवढ्यात आत कपडे, टोप, मिशी, चष्मा, सगळं बदलायचं. हे दिसतं सोपं. विंगेत उभ्या राहणाऱ्या माणसांना पारितोषिकं नसतात, पण हात त्यांचेच. कुठलं बटण आधी, कुठला टोप कुठल्या खुंटीला, अंधारात हाताला सापडलं पाहिजे.

हे मी इतक्या ठामपणे का सांगतो? कारण मी गावात परत येऊन उत्साहाने सांगितलं की आपणही एक नट चार भूमिकांत असं नाटक बसवूया. बसवलं. आमच्या गावातला हुकमी नट होता, वयाने माझ्यापेक्षा बराच मोठा. त्याच्या चार भूमिका: सावकार, पोस्टमन, सावकाराची बायको आणि भटजी. सावकाराला ही भलीमोठी मिशी. डिंक कुठला तर नाटकाचं सामान भाड्याने देणाऱ्याने दिलेला, आणि तो निघाला जबरदस्त. सावकार आत आला, साडी नेसवली, अंबाडा चढवला, मिशी ओढली तर ओठ पुढे येतोय पण मिशी नाही! बाहेर पोस्टमनने दिलेली चिठ्ठी दुसऱ्यांदा वाचून झालेली. शेवटी गडी तोंडावर पदर घेऊन तसाच बाहेर गेला.

पदराआडून पाच मिनिटं उत्तम काम केलं त्याने. खरंच उत्तम. बायका म्हणाल्या, काय लाजते बघा. मग पंख्याचा वारा आला. नवीन पेडस्टल पंखा, त्याच वर्षी एका देणगीदाराने दिलेला.

पदर उडाला. क्षणभर मांडवात चिडीचूप. आणि त्या माणसाने काय करावं? पळाला नाही, हसला नाही. मिशीवर हात फिरवला आणि नवऱ्याच्या आवाजात नाही, बायकोच्याच आवाजात म्हणाला, "घरात एकान तरी मिशी दवरूंक जाय मगो!" (दवरूंक जाय म्हणजे ठेवायला हवी.)

मांडव कोसळायचा बाकी होता. हे वाक्य संहितेत नव्हतं. संहिता माझ्या हातात होती, मला माहीत आहे. पुढे तीन वर्षं लोक मिशीवाली बायको पुन्हा दाखवा म्हणून मागे लागले. त्याने एकदाही केली नाही. म्हणायचा, ती त्या रात्रीपुरती होती.

धयकालो:

वाहवा! हाच तो संकासुर. देव बरें करूं, प्रॉम्प्टर.

म्हापश्याची_मावशी:

पोट दुखलं हसून. आणि बघा, नवऱ्याच्या आवाजात बोलला असता तर एवढं हसू आलं नसतं. बाई म्हणूनच उत्तर दिलं, तिथे जिंकला.

मडगावकर_अर्धवट:

लक्ष्या असता तर आधी प्रेक्षकांकडे बघून डोळे फिरवले असते. आणि मी त्यालाही तेवढाच हसलो असतो. :) प्रॉम्प्टर, गाव कुठला तुमचा?

हौशी_प्रॉम्प्टर:

फोंड्याच्या पुढे. नाव सांगत नाही, तो माणूस अजून आहे आणि अजून रागीट आहे.

फेरीबोट:

@हौशी_प्रॉम्प्टर, तुमचा प्रतिसाद काल रात्री जेवणानंतर बाबांना मोठ्याने वाचून दाखवला. पोस्टमनपर्यंत नेहमीसारखे ऐकत होते. मिशीच्या ओळीला चष्मा काढला. पंख्याच्या ओळीला आईने स्वयंपाकघरातून विचारलं, "तो पंखो मगो?"

डिंकाचं सगळं खरं म्हणाले. दोन दिवस ओठ सुजला होता आणि खोबरेल लावून मिशी काढली. पण बाहेर चिठ्ठी दोनदा वाचली गेली ती मिशीमुळे नाही असं त्यांचं म्हणणं आहे. निरोप जसाच्या तसा देते: "ताका सांग, तूं दोन पानां फुडें वाचतालो म्हूण ती चिठी परत वाचची पडली."

हौशी_प्रॉम्प्टर:

अरे देवा.

भाऊंना नमस्कार सांग. आणि म्हणावं, पानं चिकटली होती. डिंक सगळीकडे सांडला होता.